आवाळू आणि जपानी राक्षस

आमच्या तंबूत पडद्याच्या डाव्या अंगाला एक लाकडी खोकं उपडं घातलेलं असे. त्यावर उभं राहून बोलणं हा माझा धंदा. सिनेमा मुका होता तोवर तो चालला. पुढे सिनेमाला वाचा फुटली आणि माझी गेली.

आजच्या वाचकाला हे काम जरा समजावून सांगायला हवं. मुक्या चित्रात माणसं नुसते ओठ हलवायची. मधूनच काळी पाटी यायची, तिच्यावर कोण काय म्हणालं ते लिहिलेलं असायचं. पाटी बहुधा इंग्रजीत, आणि तंबूत जमिनीवर बसलेल्या शेतकरी, माळी, हमाल मंडळींपैकी फार थोड्यांना कुठलीही अक्षरओळख. म्हणून पडद्याशेजारी एक माणूस उभा करायचा आणि त्याने सगळं सांगायचं. नायक मीच, नायिका मीच, सासू मी, घोडा मी, पाऊसही मीच. लोक मला 'मास्तर' म्हणत, पण शाळेत मी कधी शिकवलं नाही. या कामाआधी मी अकोल्याच्या कापूसबाजारात लिलावाची बोली पुकारत असे. आवाज तिथे कमावलेला. दोनतीनशे गाड्यांच्या गलक्यावरून ज्याचा आवाज जातो, त्याला तंबूचं काय मोठंसं!

लोक पडद्यावरचं सगळं खरं मानत. एकदा एका चित्रात नायिकेच्या मागे सुरा घेऊन माणूस उभा होता. पुढे बसलेली एक बाई ओरडली, "अवो मास्तर, त्या पोरीले सांगा ना, थो मांगं उभा हाये!" मी पडद्याकडे तोंड करून सांगितलं. पोरगी काही वळली नाही. खेळ सुटल्यावर ती बाई मला गाठून म्हणाली, "तुमी लय हळू सांगतलं."

हसून सोडून देण्यासारखी गोष्ट, आणि मी बरीच वर्षं हसतही होतो. चांदूर बाजारला जे झालं त्यानंतर मात्र अशा गोष्टींवर हसताना जपून हसू लागलो.

त्या काळी वऱ्हाडात कापूस खरेदीला परदेशी कंपन्यांची माणसं हंगामभर येऊन राहत. त्यांत जपानीही असत. अकोल्याला असे एक साहेब होते, नाव मोरी. हे नाव घेऊन हाक मारायची आमच्या लोकांना लाज वाटे, म्हणून सगळे त्यांना नुसतं 'जपानी साहेब' म्हणत. एक दिवस दुपारी ते पत्र्याचा गोल डबा काखेत मारून आमच्या तंबूत आले. डब्यात रीळ होतं. त्यांचा धाकटा भाऊ जपानात चित्रं बनवणाऱ्यांकडे कामाला होता, त्याने धाडलेलं. साहेबांजवळ ते पाहायला मशीन नव्हतं. आमचे मालक दौलतराव स्वतःच मशीनचं हँडल फिरवत. त्यांनी कनाती पाडून तंबूत अंधार केला आणि रीळ लावलं.

असं चित्र आम्ही आधी कधी पाहिलं नव्हतं. त्यात जिवंत माणूस एकही नाही. सगळी कागदाची कापलेली माणसं, कागदाची झाडं, कागदाचा पाऊस. साहेबांनी मोडक्या हिंदीत समजावलं की कागदाचा हात एवढासा सरकवायचा आणि फोटो काढायचा, पुन्हा सरकवायचा, पुन्हा फोटो. आजची मुलं ज्याला कार्टून म्हणतात तेच ते. पण हसायला येईल असं त्यात काही नव्हतं. कागदाची ती माणसं काळीशार होती आणि झटके देत चालायची.

गोष्ट त्यांच्या देशातली, जुनी. एका म्हाताऱ्याच्या गालावर भलं मोठं आवाळू, म्हणजे मांसाची गाठ, असतं. तो जंगलात लाकडं तोडायला जातो, पावसात सापडतो आणि झाडाच्या ढोलीत शिरतो. तिथे राक्षसांची जत्रा भरते. आग पेटते, दारू चालते, नाच सुरू होतो. म्हाताऱ्याला नाचाचं वेड. भीती विसरून तो बाहेर येतो आणि नाचतो. राक्षस खूश. त्यांचा सरदार म्हणतो, उद्या पुन्हा ये, तोवर तुझी ही गालावरची मोलाची वस्तू आमच्याकडे गहाण. आणि आवाळू उपटून घेतो. रक्त नाही, जखम नाही. हे ऐकून शेजारचा म्हातारा जातो. आवाळू त्यालाही असतं. पण तो भीत भीत, पाय अडखळत नाचतो. राक्षस चिडतात आणि पहिल्याचं आवाळू त्याच्या दुसऱ्या गालावर फेकून मारतात. आता त्याला दोन.

साहेबांनी एक गोष्ट मला शिकवली, ती सांगतो. राक्षसांचा सरदार ढोलीच्या दिशेने हळूहळू मान वळवतो, तिथे मी मोठ्याने बोलत होतो. साहेबांनी माझ्या तोंडापुढे हात धरला. "इधर चुप. जब वो देखता है, तुम मत बोलो. लोग अपने आप डरेगा."

त्याआधी मी लोकांना आरडाओरडा करून भिववत असे. गप्प राहून भिववता येतं, हे मला जपानी माणसाने शिकवलं. हंगाम संपल्यावर साहेब मुंबईला गेले. रीळ आमच्याकडे ठेवून गेले, पुढच्या साली नेतो म्हणाले. पुढच्या साली त्यांच्या जागी दुसराच साहेब आला.

चांदूर बाजारला आम्ही बाजाराच्या मैदानात तंबू ठोकला. मोठ्या चित्राआधी हे छोटं जपानी चित्र लावायचं असं दौलतरावांनी ठरवलं. पहिल्याच खेळाला सरदाराने मान वळवली आणि मी गप्प झालो. तंबूत फक्त मशीनची खडखड. तेवढ्यात एक गडी कनातीखालून सरपटत बाहेर पळाला. बायांनी पोरांची तोंडं पदरात लपवली. मग मी सरदाराचं हसू काढलं, पोटातून, लिलावाच्या आवाजात. सगळा तंबू एकदम मागे सरकला. खोटं कशाला सांगू, त्या हसण्याचा मला गर्व होता.

एक माणूस तेवढा मागे सरकला नाही. माझ्या खोक्यापाशीच बसलेला, तोंडाला दुपट्टा गुंडाळलेला. दुसऱ्या दिवशीही तो होता, तिसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी खेळ सुटल्यावर तो थांबला आणि दुपट्टा सोडला. डाव्या गालावर, कानाच्या पाळीखाली, मोसंबीएवढं आवाळू. कातडी ताणून चकाकत होती.

"मास्तर," तो म्हणाला, "थे झाड कोनतं होतं?"

मी म्हणालो, "कागदाचं. जपानातलं."

"जपान कोन्या रस्त्यानं?"

"समुद्रापलीकडे आहे, बाबा."

तो विचारात पडला. मग म्हणाला, "आपल्या इकडं नसतीन का तसे?"

मी काही बोलण्याआधी मशीन पुसता पुसता दौलतराव हसून म्हणाले, "असतीन तं मेळघाटात असतीन. इकडं राक्षस कायले येते, इकडं तहसीलदार हाये ना!"

त्या माणसाने मान डोलवली, दुपट्टा पुन्हा बांधला आणि गेला. आम्ही दोघं त्या तहसीलदाराच्या विनोदावर हसत राहिलो.

त्यानंतर एक दिवस मध्ये गेला. सकाळी मी तंबूच्या दोऱ्या ताणत होतो तेव्हा एक बाई तरातरा चालत आली. मागे हातात काठी घेतलेला एक जवान गडी, आणि त्याच्यामागे बाजारातली बरीच माणसं. बाई माझ्यापुढे येऊन उभी राहिली.

"तुमीच ना थे बोलनारे? माह्या मानसाले कुठी धाडलं?"

तिचं नाव पार्वती. आवाळूवाला माणूस तिचा नवरा, गोविंदा. फुलमाळी. चांदूरजवळच त्यांचा मळा, शेवंती आणि झेंडू काढायचे. काठीवाला त्याचा धाकटा भाऊ श्रीराम. पार्वतीनं सांगितलं ते असं. ऐन जवानीत गोविंदा गावच्या दंडारीत नाचायचा. दंडार म्हणजे आमच्याकडचा नाचगाण्याचा खेळ. त्याच्यासारखे पाय पंचक्रोशीत कुणाचे नव्हते. मग गालावर बोराएवढी गाठ आली. ती वाढत गेली तसा त्याने नाच सोडला, मग बाजारात बसणं सोडलं, मग माणसांत जाणंच सोडलं. आता त्या अंगाला झोपता येईना, घास चावता येईना. तिने देवऋषी केले, लेप केले. आणि काल पहाटे तो भाकरीचं गठुडं आणि पेटीतले जुने घुंगरू घेऊन निघून गेला होता.

"जाता जाता काय म्हणे मालूम हाये?" पार्वती म्हणाली. "म्हणे, मी नाचून येतो."

मेळघाटात तेव्हा वाघ होते, अस्वलं होती, आणि पावसाळा सरल्यावरचा तिथला ताप वाघाहून वाईट. लाकूडतोडे टोळीने जात तेही देवाचं नाव घेत.

दौलतरावांनी मला बाजूला ओढलं. "तंबू सोडू. आत्ताच्या आत्ता. हे लोक आग लावतीन." आमच्या धंद्यात आगीची भीती कायमचीच. त्या काळचं रीळ ठिणगी लागली की बारुदासारखं पेटायचं.

पण तंबू सोडायची वेळच आली नाही. श्रीरामने काठीचं टोक माझ्या छातीला लावलं. जोरात नाही, पण लावलं. "मास्तर, तुमी चला संगं. तो तुमचा आवाज आयकून गेला, तुमच्याच आवाजानं वापस येईन."

मी निघालो. दया आली म्हणून निघालो असं लिहिलं तर वाचायला बरं वाटेल. खरं म्हणजे त्या काठीला भिऊन निघालो.

परतवाड्यापर्यंत बैलगाडीने गेलो. रात्र तिथेच काढली आणि सकाळी लाकूडबाजारात चौकशी करता करता एक गाडीवान भेटला. त्याने तोंड बांधलेल्या एका माणसाला आपल्या रिकाम्या गाडीत घेऊन घाटाखाली सोडलं होतं. "येडा वाटला नाई," तो म्हणाला, "पन रस्ताभर पायानं ताल धरून राह्यला होता." त्यानेच आम्हाला त्याच जागी नेऊन सोडलं. पुढे पायवाट. श्रीराम पुढे, मी मध्ये, मागे पार्वती. सागाची वाळकी पानं पायाखाली इतकी वाजत की आपल्याच चालण्याने दचकायला होई. थांबलो की सगळं चिडीचूप. त्या शांततेत मला जपानी साहेबांचे शब्द आठवत होते.

वाटेत कोरकू आदिवासींची एक वस्ती लागली. भर दिवसा सगळी दारं बंद. खूप हाका मारल्यावर एका म्हाताऱ्याने फट उघडली. आम्ही माणसं आहोत याची खात्री करून घ्यायला त्याने श्रीरामचा हात चाचपला.

"नाले के पास भूत है," तो हळूच म्हणाला. "घुंगरू बजता. नाचता. उसका मुंह में दूसरा मुंह है. हम लोग पानी भरने नहीं गया."

पार्वती मटकन खाली बसली. मला हसावं की रडावं कळेना. हा बिचारा राक्षसांची वाट पाहत नाचत होता, आणि वस्तीतली माणसं त्यालाच भूत समजून दार लावून बसली होती. कुणी जवळ गेलं असतं तर निदान पाणी तरी पाजलं असतं.

म्हाताऱ्याने लांबूनच नाला दाखवला. नाल्याच्या वाळूत उतरलो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. श्रीराम अचानक थांबला. वाळूत पंजे उमटले होते, माझ्या हाताच्या पंजाएवढे.

"वाघ?" मी विचारलं.

तो वाकून पाहत होता. "आजचाच हाये. वाळू अजून ओली हाये."

पंजे ज्या दिशेला गेले होते त्याच दिशेला एक अजस्र अर्जुनाचं झाड होतं, बुंध्याशी पोकळ. घुंगरांचा आवाज कुठेच नव्हता. श्रीरामने हाक मारली, "दादा!" उत्तर नाही. पुन्हा मारली. पाखरं उडाली फक्त.

मग पार्वती माझ्याकडे वळली. "मास्तर, त्या राक्षसाच्या आवाजानं बोलवा. आमच्या आवाजानं थे नाई येनार. घरी नेतीन म्हून लपून बसतीन."

मी नको नको म्हणालो. खरोखर हात जोडले. तंबूत, पडद्याशेजारी, दिव्याच्या झोतात राक्षस होणं वेगळं. इथे जंगल होतं, वाघाचे ओले पंजे होते आणि अंधार पडायला फार वेळ उरला नव्हता. पण पार्वती माझ्या तोंडाकडे बघत राहिली. शेवटी मी डोळे मिटले आणि ते हसू काढलं.

नाल्याच्या दोन्ही काठांवरून ते परत आलं. माझंच हसू, पण मोठं आणि उशिरा आलेलं, दुसऱ्याच कुणाचं असावं तसं. ज्या आवाजाचा मला एवढा गर्व होता, त्याला मी स्वतः तोवर कधी सामोरा गेलो नव्हतो.

आवाज विरला. मग झाडाच्या ढोलीतून एक घुंगरू वाजलं. मग दोन. तालात.

आम्ही धावलो. गोविंदा ढोलीच्या तोंडाशी भिंतीला टेकावं तसा टेकून उभा राहायची धडपड करत होता. अंग तापाने फणफणलेलं, तळपाय फाटलेले, घुंगरांत रक्त वाळलेलं. तरी पाय हलत होते. त्याने बायकोला ओळखलं नाही, भावाला ओळखलं नाही. माझ्याकडे पाहून मात्र हात जोडले.

"आले का बाप्पा," तो म्हणाला. "मी लय नाचलो. आवडला का नाच?"

श्रीराम तोंड फिरवून रडायला लागला. आयुष्यभर दुसऱ्यांचे शब्द बोललो, आणि आता स्वतःचा एक शब्द सापडेना.

"आवडला," मी म्हणालो.

त्याने सुटकेचा श्वास सोडला. मग डावा गाल माझ्यापुढे केला आणि डोळे मिटले. "मंग काढा."

तो क्षण मी अजून विसरलेलो नाही. तो गाल माझ्यापुढे होता, त्यावर घाम चमकत होता, आणि तो माणूस पोरासारखा विश्वासाने वाट पाहत होता. मी त्या आवाळूवर हात ठेवला. कढत होतं. हात काढून घ्यायचा धीर होईना आणि ठेवून करायचं काय तेही कळेना.

"इथे नाही काढत," मी त्याच राक्षसाच्या आवाजात म्हणालो. तो आवाज सोडला तर तो येणार नाही, एवढंच मला त्या वेळी सुचलं होतं. "अमरावतीला काढतो. चल."

"आज्ञा," तो म्हणाला, आणि श्रीरामच्या खांद्यावर कोसळला.

वस्तीतल्या म्हाताऱ्याने आता दार उघडलं. भूत आजारी आहे हे पाहिल्यावर त्यांची भीती गेली. त्यांनीच बाज दिली आणि ती उचलायला माणसं दिली. मशालींच्या उजेडात आम्ही घाटाखाली उतरलो.

अमरावतीच्या सरकारी दवाखान्यात गोविंदाचा ताप उतरायला बरेच दिवस लागले. तंबू तोवर पुढच्या बाजाराला गेला होता. दौलतरावांनी दुसरा बोलणारा पाहिला नाही, स्वतःच कसंबसं निभावून नेलं. जंगलाकडच्या गावांत ते चित्र लावू नका, एवढाच निरोप मी त्यांना धाडला, आणि त्यांनी तो पाळला. मला परत जाता आलं असतं. पण पार्वती म्हणाली, "अमरावतीले काढतो असं तुमीच सांगतलं ना?" म्हणून मी राहिलो.

डॉक्टरांनी गाठ दाबून पाहिली, जबडा उघडायला लावला. मग आम्हाला बाहेर बोलावून सरळ सांगितलं, "ठेवली तर उद्या गिळता येणार नाही. काढायची तर रक्त फार जाईल. आणि हिच्याखालून चेहऱ्याची नस जाते. ती वाचेल की नाही, हे आत गेल्यावरच कळेल. टेबलावर माणूस राहतो कधी कधी, तेही सांगून ठेवतो."

गोविंदा शुद्धीवर आल्यापासून कुणाच्या डोळ्याला डोळा देत नव्हता. जंगलातलं त्याला अर्धवट आठवत होतं आणि जे आठवत होतं त्याची लाज वाटत होती. वाघाच्या जंगलात एकटा राहिलेला हा माणूस सुरीचं नाव ऐकून खाटेला घट्ट धरून बसला. दोनदा त्याला आत नेलं आणि दोनदा तो दारातून परत आला. शेवटी म्हणाला, "मास्तर डोक्यापाशी उभे राह्यले तं जातो."

डॉक्टर आधी रागावले, मग म्हणाले, "झोप लागेपर्यंत. मग बाहेर."

ती खोली पांढरी होती. कोपऱ्यात पाणी उकळत होतं. वर काचेतून ऊन येत होतं. डॉक्टरांच्या तोंडाला फडकं बांधलेलं, मदतनिसाच्या तोंडालाही. नुसते डोळे. गोविंदा उताणा पडला होता. जाळीवर कापड ताणलेली एक टोपी त्याच्या नाकाशी आणली, क्लोरोफॉर्मचा गोडसर वास सुटला, आणि त्याने माझं मनगट पकडलं.

"मास्तर, एक इचारू?"

"विचार."

"मी पयला म्हातारा का दुसरा?"

मी दुसरा हात त्याच्या हातावर ठेवला.

"पयला नाचाच्या खुशीनं नाचला," तो म्हणाला. "दुसरा आवाळू काढाले गेलता. मी बी त्याच्यासाठीच गेलो ना."

म्हणजे त्या अंधाऱ्या ढोलीत बसून हा माणूस हेच ताडून पाहत होता. त्याला वाघाची भीती नव्हती वाटली. आपण दुसरे आहोत की काय, ही भीती होती. मी वाकून त्याच्या कानाशी म्हणालो, "गोष्टीतला राक्षस कोण? मी. मग ठरवणारा मीच. तू पहिला."

त्याची पकड जराशी सैल झाली. "मंग सांगा."

मी गोष्ट सुरू केली. आवाज असा कापत होता की तंबूत असतो तर लोकांनी तिकिटाचे पैसे परत मागितले असते. म्हातारा जंगलात गेला, पाऊस आला, म्हातारा ढोलीत शिरला. आग पेटली. सरदाराने मान वळवली, आणि सवयीने मी गप्प झालो.

"थांबू नका," डॉक्टर फडक्याआडून म्हणाले. "तो अजून पुरता गेलेला नाही. बोला."

मी बोललो. म्हातारा नाचला, राक्षस खूश झाले, आवाळू गहाण पडलं, म्हातारा मोकळ्या गालाने घरी आला. पुढे शेजारच्या म्हाताऱ्याची गोष्ट होती. माझी जीभ तिकडे वळेना. मी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. तोच म्हातारा पुन्हा जंगलात गेला, पुन्हा नाचला. तिसऱ्यांदा गेला तेव्हा माझ्या मनगटावरचा हात गळून पडला, आणि मदतनिसाने मला दाराकडे ढकललं.

बाहेर पायरीवर पार्वती बसली होती. मी शेजारी बसलो. आतून भांड्यांचे आवाज येत. एकदा दार उघडलं आणि लाल झालेली फडकी घेऊन कुणी घाईने गेलं. पार्वतीनं ते पाहिलं. तिने विचारलं, "पुरी सांगतली का गोष्ट?"

"अर्धीच."

"बरं केलं."

त्यानंतर आम्ही दोघं एकमेकांशी काही बोललो नाही. मला आतापर्यंत वाटायचं, शांततेची भीती मी लोकांना घालतो. त्या पायरीवर ती मला घातली जात होती, आणि मान वळवून दाराकडे पाहायचाही मला धीर होत नव्हता.

गोविंदा जगला. रक्त फार गेलं, काही दिवस तो नुसता पडून होता, पण जगला. पट्टी सोडायचा दिवस आला तेव्हा श्रीराम गावाहून आला होता. डॉक्टरांनी शेवटचा वेढा उलगडला. आवाळू नव्हतं. कानाखालून हनुवटीपर्यंत टाके होते आणि गाल सपाट. श्रीरामने टाळी वाजवली. गोविंदा हसला.

अर्धाच चेहरा हसला होता. डावा डोळा मिटेना, ओठाचा डावा कोपरा खाली लोंबत राहिला. नस गेली होती. डॉक्टर हळू आवाजात म्हणाले, "वाचवायचा प्रयत्न केला." गोविंदाने बोटांनी आपला गाल चाचपला, मग ओठ चाचपला. त्याने माझ्याकडे पाहिलं. तो काय विचारणार हे मला माहीत होतं, आणि त्याने ते विचारू नये म्हणून मी जमिनीकडे पाहत राहिलो.

पार्वती पुढे झाली. तिने त्याची हनुवटी धरून चेहरा उजेडाकडे वळवला, बाजारात फळ पारखावं तसा इकडून तिकडून नीट पाहिला. मग म्हणाली, "तोंड कायले पाहून राह्यले सारे? मानूस वापस आला ना! लय दिसाईचे तुमी उपाशी हा. चहा पेता का?"

तो हो म्हणाला. श्रीराम बाहेरून चहा घेऊन आला. पहिला घोट डाव्या कोपऱ्यातून सदऱ्यावर सांडला. गोविंदा ओशाळला. पार्वतीनं पदराने त्याचं तोंड पुसलं, खाटेला वळसा घालून उजव्या अंगाला येऊन बसली, आणि बशी त्या बाजूच्या ओठाला लावली.